दूर जा, तिथेच रहा, मोजून काम दे : नगर जिल्ह्यातली दुष्काळी कामं आणि रोजगाराचा हक्क

संशोधन आराखड्याच्या सादरीकरणात मला विचारलेला पहिलाच प्रश्न असा होता : "तुम्ही मंदीच्या काळातल्या सरकारी रोजगाराबद्दल बोलताय की दुष्काळाबद्दल? दोन्ही एकच आहेत का?"

मी गडबडलो. माझ्या स्लाइडवर एका बाजूला १९३० च्या दशकातली अमेरिका होती आणि दुसऱ्या बाजूला १९७२ चा अहमदनगर जिल्हा, म्हणजे आजचा अहिल्यानगर. मध्ये मी एक बाण काढला होता. त्या बाणाचा अर्थ काय, हे मला नीट सांगता आलं नाही. पुढचे कित्येक महिने तो बाणच माझ्या मागे लागला. आजची पोस्ट त्या बाणाबद्दल आहे. पीएच.डी.ची तयारी करणाऱ्या, अजून विषय पक्का न झालेल्या मित्रमैत्रिणींना ती उपयोगी पडेल असं वाटतं. विषय सापडणं आणि प्रश्न सापडणं या दोन वेगळ्या गोष्टी असतात, हे मला याच प्रकरणात कळलं.

आधी तो प्रश्न : दुष्काळ म्हणजे मंदी का?

मंदी म्हटलं की आपल्याला बंद कारखाने, बँकांपुढच्या रांगा, शेअर बाजार आठवतो. दुष्काळ म्हटलं की भेगा पडलेली जमीन. पण शेतमजुराच्या जागी उभं राहून बघा. पाऊस गेला की त्याच्या घरातलं धान्य संपायच्या आधी एक गोष्ट संपते, ती म्हणजे काम. खुरपणी नाही, काढणी नाही, मळणी नाही. ज्याच्याकडे चार एकर कोरडवाहू आहे तो कालपर्यंत हंगामात दोन मजूर लावत होता, आज तो स्वतःच कामाच्या शोधात निघतो. म्हणजे काम मागणारे वाढतात आणि काम देणारे नाहीसे होतात. बाजारात धान्य असलं तरी ते घ्यायला हातात पैसा नसतो. अमर्त्य सेन यांनी १९८१ च्या त्यांच्या पुस्तकात उपासमारीकडे बघायची हीच दिशा दिली. बाजारात धान्य किती आहे हे विचारून भागत नाही, ते मिळवण्याची ऐपत कोणाकडे उरली आहे हे विचारावं लागतं.

या अर्थाने दुष्काळ ही कोरडवाहू मुलखातली मंदीच असते. उपायही सारखाच निघतो. सरकारने कामं काढायची, मजुरी द्यायची, म्हणजे लोकांच्या हातात पैसा येईल आणि पैशाच्या मागे धान्य येईल. अमेरिकेत रूझवेल्ट यांच्या सरकारने १९३५ ते १९४३ या काळात एका मोठ्या कार्यक्रमाखाली साधारण ८५ लाख लोकांना रस्ते, पूल, शाळा, उद्यानं यांच्या कामावर लावलं. तत्त्व तेच.

पण साम्य इथवरच. त्याच १९३० च्या दशकात आपल्याकडे काय झालं? जागतिक मंदीत शेतमालाचे भाव कोसळले. शेतसारा मात्र रोखीत भरायचा, सावकाराचं देणंही रोखीत. पीक घरात असून शेतकरी बुडाला. अशा वेळी सरकारने इथे अमेरिकेसारखी कामं काढली का? नाही. सरकारकडे लोकांना कामावर लावायची एक तयार यंत्रणा होती, तिचं नाव दुष्काळ संहिता, म्हणजे फॅमिन कोड. पण ती यंत्रणा पीक बुडाल्यावर जागी होई, भाव बुडाल्यावर नाही.

इथे माझा बाण मोडला आणि पहिला खरा प्रश्न हाती आला. सरकार काम देतं हे ठीक, पण काम द्यायची वेळ आली आहे हे ठरवतं कोण? आकाश, कलेक्टर की काम मागणारा माणूस? नगर जिल्ह्याचा शंभर वर्षांचा इतिहास या एका प्रश्नावर लावून बघता येतो.

१८७७ : दौंड-मनमाड आणि एक पौंड धान्य

नगरहून रेल्वेने कोपरगावकडे गेला असाल तर तुम्ही एका दुष्काळी कामावरून प्रवास केला आहे. दौंड ते मनमाड हा सुमारे १४६ मैलांचा लोहमार्ग १८७८ मध्ये सुरू झाला. त्याच्या मातीकामावर १८७६-७८ च्या दुष्काळातले मजूर होते. मार्गावरची विळद, वांबोरी, राहुरी, बेलापूर, पुणतांबा ही नावं आपण गाडीच्या वेळापत्रकात वाचतो. त्यामागे भुकेल्या माणसांनी उपसलेली माती आहे, हे वेळापत्रकात कुठे येणार.

त्या दुष्काळात भारत सरकारने सर रिचर्ड टेंपल यांना पाहणीसाठी पाठवलं. याच टेंपल यांनी १८७३-७४ मध्ये बिहारमध्ये भरपूर खर्च करून माणसं वाचवली होती आणि त्याबद्दल उधळपट्टी केल्याची टीका ऐकली होती. या वेळी ते हात आखडूनच आले. दिवसभर काम केलेल्या पुरुषाला जगायला एक पौंड, म्हणजे साधारण साडेचारशे ग्रॅम धान्य आणि वर किरकोळ रोकड पुरेल असा त्यांचा हिशेब होता. इतिहासात ही "टेंपल मजुरी" म्हणून बदनाम झाली. १८७७ मध्येच ते मुंबई प्रांताचे गव्हर्नर झाले.

याच वेळी मुंबई इलाख्यात एक गोष्ट घडली, जिच्याकडे माझं सुरुवातीला लक्षच गेलं नव्हतं. मजुरी कमी केल्यावर आणि लांबच्या मोठ्या कामांवर जायला सांगितल्यावर हजारो मजुरांनी कामं सोडली. पुण्याच्या सार्वजनिक सभेने त्यांची बाजू घेतली, सरकारला निवेदनं पाठवली, गावोगावची माहिती गोळा केली. सरकारी कागदांत या घटनेचा सूर असा की, लोक काम सोडून गेले म्हणजे त्यांना मदतीची तेवढी गरज नव्हती. सभेच्या कागदांत तीच घटना वेगळी दिसते : इतक्या मजुरीवर काम करून मरण्यापेक्षा घरी मेलेलं बरं, असं लोकांनी ठरवलं.

एकच घटना, दोन फाइली. संशोधनाला नव्याने लागलेल्यांसाठी ही पहिली सूचना. "मजुरांची संख्या घटली" असं वाक्य कागदात दिसलं की थांबा. गरज संपली म्हणून घटली, की अटी असह्य झाल्या म्हणून घटली? आकडा दोन्ही बाबतीत सारखाच दिसतो.

तीन परीक्षा

या दुष्काळानंतर १८८० मध्ये दुष्काळ आयोगाचा अहवाल आला आणि पुढच्या काही वर्षांत प्रांतोप्रांती दुष्काळ संहिता तयार झाल्या. संहिता म्हणजे कलेक्टरने काय, कधी, कसं करायचं याचं नियमपुस्तक. तिच्यावर टीका करायला सोपी जागा खूप आहे. पण आधी तिचं श्रेय द्यायला हवं. लोकांना वाचवणं हे सरकारचं काम आहे, ते कोणाच्या दयेवर सोडलेलं नाही, हे पहिल्यांदा नियमात लिहिलं गेलं. पावसाची, भावाची, गाव सोडून जाणाऱ्यांची नोंद ठेवायची पद्धत लागली.

अडचण होती ती संशयाची. खरा गरजू कोण आणि फुकट्या कोण, हे ओळखायचं कसं? उत्तर असं काढलं की मदतच इतकी अवघड करायची, की ज्याला दुसरा काहीही इलाज नाही तोच येईल. त्यासाठी तीन परीक्षा चर्चेत होत्या.

पहिली अंतराची. काम गावापासून लांब ठेवायचं.

दुसरी मुक्कामाची. कामावर यायचं तर तिथेच तळ टाकून राहायचं.

तिसरी श्रमाची. ठरावीक माप पुरं केलं तरच पूर्ण मजुरी.

सगळीकडे तिन्ही परीक्षा सारख्याच कडकपणे लावल्या असं नाही. अंतर आणि मुक्काम यांवर आयोगातच मतभेद होते. पण विचार करायची रीत मात्र या तिघींनी घालून दिली. आणि या तिन्हींच्याही वर एक चौथी गोष्ट होती, इतकी उघड की ती कोणी परीक्षा म्हणून मोजलीच नाही. दुष्काळ आहे हे सरकारने आधी जाहीर करायचं. ते जाहीर होईपर्यंत तुमची भूक कागदावर नसायची.

शब्द बदलला, फाइल हरवली

इथे एक अनुभव सांगतो, कारण यात माझे तीन आठवडे गेले. १९६० नंतरच्या कागदांत मी "दुष्काळ" हा शब्द शोधत बसलो होतो आणि हाती फारसं काही लागत नव्हतं. मला वाटलं नोंदीच नाहीत. मग कळलं की महाराष्ट्राने १९६३ मध्ये एक कायदा करून राज्यातल्या कायद्यांमधून "दुष्काळ", म्हणजे फॅमिन, हा शब्दच काढून टाकला. त्याजागी आली "टंचाई". आता दुष्काळ पडू शकणार नाही, फार तर टंचाई होईल, असा त्यामागचा आत्मविश्वास. नऊच वर्षांत १९७२ उजाडलं.

तेव्हा शोधताना त्या काळाचा शब्द घेऊन शोधा, आपला नव्हे. कोणत्या काळातल्या कागदात "दुष्काळ", कोणत्या काळात "टंचाई", कुठे "राहत कामं", कुठे "रोहयो" याची एक यादी वहीच्या पहिल्या पानावर करून ठेवा. जिल्ह्याचं नावही त्यात घाला. जुन्या इंग्रजी कागदांत स्पेलिंग वेगळं सापडतं, आता जिल्ह्याचं नावच बदललं आहे. यंत्रावर शोधणाऱ्याला हे सगळे वेगवेगळे जिल्हे वाटतात.

बहात्तर

नगर जिल्ह्यात जुन्या माणसाला वय विचारलं तर उत्तर अनेकदा साल म्हणून येत नाही. "बहात्तरच्या दुष्काळात मी खडीवर होते" असं येतं. त्यावरून आपण वय काढायचं.

जिल्हा एक असला तरी पाण्याच्या हिशेबाने तो एक नाही. पश्चिमेला अकोल्याच्या डोंगरात धो धो पाऊस. तिथल्या भंडारदऱ्याच्या पाण्यावर प्रवराकाठ पिकलेला, ऊस आणि कारखाने असलेला. प्रवरानगरचा सहकारी साखर कारखाना १९५० च्या सुमारास इथेच उभा राहिला. आणि दक्षिणेला पारनेर, श्रीगोंदा, कर्जत, जामखेड, पाथर्डी हा पर्जन्यछायेचा पट्टा. याच जिल्ह्यातला एक माणूस कारखान्याचा सभासद आणि दुसरा त्याच कारखान्याचा ऊस तोडायला कोयता घेऊन जाणारा. "जिल्ह्यात अमुक झालं" असं लिहिताना माझा हात आता जरा अडखळतो तो यामुळे.

१९७०-७१ पासून सलग तीन वर्षं पिकं बुडाली आणि १९७२-७३ मध्ये कहर झाला. नगर हा सर्वांत जास्त झळ बसलेल्या जिल्ह्यांपैकी एक. वसंतराव नाईक मुख्यमंत्री होते. सरकारने कामं काढली : खडी फोडणं, रस्ते, पाझर तलाव, नालाबांध, शेतांची बांधबंदिस्ती. मे १९७३ मध्ये राज्यभरातल्या कामांवर रोज जवळपास ५० लाख माणसं होती. १९७१ च्या जनगणनेत महाराष्ट्राची लोकसंख्या पाच कोटींच्या थोडी वर होती. म्हणजे बाळं, म्हातारे, मुंबईकर सगळे धरूनही दर दहा माणसांमागे एक माणूस त्या महिन्यात सरकारी कामावर होता. हे प्रमाण मला आजही थक्क करतं.

या दुष्काळाचा अभ्यास करताना ज्याँ द्रेझ यांनी एक मुद्दा नेमका मांडला. धान्याची तूट भयंकर होती, तरी पूर्वीच्या दुष्काळांसारखे माणसांचे सडे पडले नाहीत. याचं मोठं कारण कामावरची मजुरी. तिने लोकांच्या हातात पैसा दिला आणि रेशनबरोबरच खुल्या बाजारातलं धान्यही त्या पैशाकडे ओढलं गेलं. याचा अर्थ सगळं आलबेल होतं असा नाही. लोकांनी पोट मारलं, दावणीची जनावरं गेली, घरातलं किडुकमिडुक गेलं. "कोणी मेलं नाही" आणि "कोणाचं काही गेलं नाही" ही दोन वेगळी वाक्यं आहेत. प्रबंधात ती एकमेकांत मिसळू देऊ नका.

आणि खडी? मातीकामाचे आराखडे तयार नसतील तिथे काम द्यायचा सोपा मार्ग म्हणजे दगड फोडायला बसवणं. त्या खडीचा उपयोग होईल की नाही, हा प्रश्न तेव्हाही विचारला गेला. मंदीतल्या सरकारी खर्चावर लिहिताना केन्स यांनी १९३६ मध्ये उपहासाने म्हटलं होतं की, बाटल्यांत नोटा भरून जुन्या खाणींत पुरा आणि लोकांना त्या उकरू द्या, काहीच न करण्यापेक्षा तेही बरं. नगरच्या माळावर खडी फोडणाऱ्यांनी केन्स वाचला नव्हता. पण आपण फोडतोय त्या दगडाचं पुढे काय होणार, हा प्रश्न त्यांनाही पडत होता. आपलं काम निरुपयोगी आहे असं वाटत राहणं, ही मजुरीत न मोजली जाणारी झीज असते.

आजी आणि मस्टर

पारनेर तालुक्यातल्या एका आजींना मी भेटलो. त्या पाझर तलावावर होत्या. मी प्रश्नावली काढली. "तेव्हा सरकारी मदत किती मिळाली?" आजींनी माझ्याकडे बघितलं.

"मदत कुठली बाबा? घमेलं मोजून माती टाकली आम्ही. काम केलं, त्याचे पैसे घेतले."

माझ्या प्रश्नावलीतला एक शब्द चुकला होता आणि त्या एका शब्दाने माझं अख्खं गृहीतक उघडं पडलं. मी त्यांना लाभार्थी समजत होतो. त्या स्वतःला कामगार समजत होत्या. मग त्या बोलत्या झाल्या : अमेरिकेतून आलेली लाल मिलो, तिची भाकरी कशी थापली जात नसे, कामावर मिळणारी सुकडी आणि ती पदराला बांधून घरच्या पोरांसाठी नेणं, मोजमापाला येणारा ओव्हरशिअर आणि त्याच्या टेपकडे लागलेले सगळ्यांचे डोळे. "तवा अन्नाचा दुष्काळ होता, पाणी होतं. आताशा पाण्याचा असतो," हेही त्यांनी सांगितलं. हे वाक्य नगर-बीडकडे तुम्हाला दर दुसऱ्या म्हाताऱ्या माणसाकडून ऐकायला मिळेल.

नंतर एका कार्यालयात मला त्या काळातले काही हजेरीपट, म्हणजे मस्टर, बघायला मिळाले. हाती लागलेल्या पानांत एक गोष्ट वारंवार दिसली. टोळीचं काम टोळीच्या नावावर, आणि नोंद अनेकदा कुटुंबातल्या पुरुषाच्या नावाने. आजींनी सांगितलेल्या कामावर त्यांच्या घरातून दोघं जात होते. कागदावर एकाच माणसाचा अंगठा होता. तो त्यांचा नव्हता.

यावरून "कागद खोटा, आठवण खरी" असा निष्कर्ष काढायचा मोह झाला. माझ्या मार्गदर्शकांनी तो मोडून काढला. त्यांचं म्हणणं असं, की कागद खोटं बोलत नाही, तो त्याला विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर देतो. मस्टरला विचारलेला प्रश्न होता "पैसे कोणाच्या हातात दिले?" मी त्याला विचारत होतो "काम कोणी केलं?" आठवणीलाही हेच लागू. आजींना मजुरीचा दर नक्की आठवत नव्हता, पण सुकडीचा वास आठवत होता. दरासाठी मी कागदाकडे जायचं, वासासाठी आजींकडे. आणि दोघांचं जिथे पटत नाही, ती जागा खूण करून ठेवायची. माझ्या प्रबंधाचं सगळ्यात चांगलं प्रकरण अशा खुणांतूनच उभं राहतं आहे.

मग कायदा कुठून आला?

सादरीकरणात माझी मांडणी सरळ होती : १९७२ चा दुष्काळ पडला, म्हणून रोजगार हमी आली. बहुतेक लेखांत तुम्हाला हेच वाक्य सापडेल. तारखा लावून बघितल्या तर ते टिकत नाही.

वि. स. पागे यांनी रोजगार हमीची कल्पना सांगली जिल्ह्यातल्या तासगाव भागात १९६५ मध्येच करून बघितली होती. ते दीर्घकाळ विधान परिषदेचे सभापती होते. योजना १९७२ मध्ये जाहीर झाली, पण दुष्काळाने लगेच सगळी यंत्रणा टंचाईच्या कामांकडे वळवली. दुष्काळ ओसरल्यावर योजना पुन्हा मार्गी लागली. १९७५ मध्ये तिच्या खर्चासाठी व्यवसाय कर आला. आज पगारपत्रकावर प्रोफेशनल टॅक्स म्हणून दिसणारी कपात तीच. रोजगार हमीचा कायदा विधिमंडळाने १९७७ मध्ये एकमताने मंजूर केला आणि तो २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला.

म्हणजे कल्पना दुष्काळाच्या आधीची, कायदा दुष्काळ संपल्यानंतरचा. मग दुष्काळाने नेमकं काय केलं? माझं आजचं उत्तर असं : दुष्काळाने दोन गोष्टी सिद्ध केल्या. एक, तहसील कचेरी, बांधकाम खातं, जिल्हा परिषद मिळून लाखो लोकांना महिनोन्महिने काम देऊ शकतात. ५० लाखांचा आकडा पाहिल्यावर "हे अशक्य आहे" असं कोणी म्हणू शकत नव्हतं. दोन, कामावर एकत्र आलेली माणसं मागणी करू लागतात. मजुरी वेळेवर द्या, दर वाढवा, काम बंद करू नका, यासाठी राज्यात मोर्चे आणि संप झाले. नगर जिल्ह्यात लाल निशाण पक्षाचे कार्यकर्ते शेतमजुरांत काम करत होते, ते दुष्काळी कामांवरच्या मजुरांपर्यंतही पोचले. १८७७ मध्ये काम सोडून जाणारे मजूर आणि १९७३ मध्ये काम मागत मोर्चाने येणारे मजूर, यांच्यात मला एक धागा दिसतो. दोघांनीही मिळेल ते मुकाट्याने घेतलं नाही.

बड्या बागायतदारांनी आणि शहरांनी या कायद्याला मान्यता का दिली, हा प्रश्नही विचारायला हवा. रोनाल्ड हेरिंग आणि रेक्स एडवर्ड्स यांनी १९८३ मध्ये दाखवलं की योजनेचा फायदा फक्त गरिबांना नव्हता. रस्ते, तलाव, नाल्यांवरचे बांध यांचा लाभ जमीनवाल्यांना होत होता. मुंबईकडे धावणारे लोंढे थोपवले जात होते. गावात राजकीय वजन टिकत होतं. चांगला कायदा फक्त चांगुलपणातून येत नाही. त्यात कोणाकोणाचा फायदा गुंफला आहे हे बघितल्याने त्याचं मोल कमी होत नाही, उलट तो टिकला का हे समजतं.

कायदा उलटा वाचून बघा

आता मूळ प्रश्नाकडे येतो. काम द्यायची वेळ कोण ठरवतं?

एके दिवशी मी टेबलावर डावीकडे दुष्काळ संहितेचे नियम आणि उजवीकडे १९७७ चा कायदा ठेवला आणि ओळीने वाचत गेलो. त्या दिवशी पहिल्यांदा वाटलं की आपल्याला काहीतरी सापडलं आहे.

संहितेत सरकार दुष्काळ जाहीर करतं, मग काम निघतं. कायद्यात ग्रामीण भागातली कोणीही प्रौढ व्यक्ती काम मागते आणि १५ दिवसांत ते देणं सरकारवर बंधनकारक होतं. न दिल्यास बेकारी भत्ता. तो तुटपुंजा होता खरा, पण तो देणं म्हणजे सरकारने चूक कबूल करणं होतं.

संहितेच्या विचारात काम लांब हवं. कायद्यात ते शक्यतो गावापासून ५ किलोमीटरच्या आत हवं.

संहितेच्या विचारात कामावर मुक्काम. योजनेत माणूस संध्याकाळी घरी, आणि कामावर पिण्याचं पाणी, सावली, लहान मुलांची सोय.

कायद्याचं जवळपास प्रत्येक कलम म्हणजे जुन्या एकेका परीक्षेला दिलेलं उत्तर आहे. ज्यांनी तो लिहिला त्यांनी संहिता समोर ठेवूनच लिहिला असं मी म्हणत नाही. तसा पुरावा माझ्याकडे नाही. पण दुष्काळी कामांच्या आठवणीत वाढलेल्या पिढीला कोणत्या अटी अपमानाच्या वाटत होत्या, हे त्या कलमांतून दिसतं.

एक परीक्षा मात्र उलटली नाही. ती म्हणजे श्रमाची. मजुरी मोजमापावरच राहिली. साधारण माणसाने सात तास काम केलं तर किमान शेतमजुरी सुटावी अशा बेताने दर लावायचे, असं ठरलं. बाईमाणसाला आणि पुरुषाला दर एकच, हे फार मोठं पाऊल होतं. म्हणून तर या कामांवर बायांची संख्या नेहमीच मोठी राहिली. पण "साधारण माणूस" म्हणजे कोण? कातळ असलेल्या जमिनीत सात तास खोदणारी पाथर्डीची बाई आणि भुसभुशीत मातीत खोदणारा गडी यांचं माप सारखं कसं भरणार? टेप हातात धरणाऱ्यावर सगळं अवलंबून. पुढे रोजगार हमीच्या कामांवर जी गाऱ्हाणी येत राहिली, कमी माप, उशिरा पगार, खोटी मस्टरं, त्यातली बरीचशी या एका न उलटलेल्या परीक्षेच्या आसपासची आहेत. आजींचे डोळे टेपकडे का लागलेले असायचे, ते मला संहिता वाचल्यावर कळलं.

१९८८ मध्ये किमान मजुरी ६ रुपयांवरून एकदम १२ रुपये झाली. त्यानंतर कामावरची हजेरी घटली. दर दुप्पट झाल्यावर मागणी वाढायला हवी, घटली कशी? मार्टिन रॅव्हॅलियन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी यावर लिहिलं आणि खर्च आवरण्यासाठी कामांनाच अप्रत्यक्ष कात्री लागली का, हमी तेवढीच पक्की राहिली का, हा प्रश्न उभा केला. बघा, १८७७ चाच प्रश्न परत आला : "मजुरांची संख्या घटली" या वाक्याचा अर्थ काय? फक्त या वेळी मजुरी कमी करून नव्हे, तर ती वाढल्यानंतर.

पुढे

२००५ मध्ये देशाचा रोजगार हमी कायदा झाला. फेब्रुवारी २००६ मध्ये तो ज्या पहिल्या २०० जिल्ह्यांत लागू झाला त्यांत नगर होता. राज्याच्या कायद्यात दिवसांची मर्यादा नव्हती, केंद्राच्या या कायद्यात कुटुंबाला वर्षाला १०० दिवस होते. "व्यक्ती" या शब्दाच्या जागी "कुटुंब" आलं. मस्टरवरचा तो एकच अंगठा आठवा, मग हा बदल केवळ तांत्रिक वाटणार नाही.

आणि या कामांतून काहीच उभं राहिलं नाही असंही नाही. १९९० च्या दशकात हिवरे बाजारने माथा ते पायथा जलसंधारणाची जी कामं केली त्यांत रोजगार हमीचा पैसाही होता. तोच पैसा, तेच टिकाव-फावडं. कुठे काय खोदायचं हे गावाने बसून ठरवलं, हा फरक. खडी आणि पाणलोट यांतलं अंतर पैशापेक्षा जास्त नियोजनाचं होतं.

जाता जाता, नव्याने संशोधन सुरू करणाऱ्यांना

पहिलं, आराखड्यातला प्रत्येक बाण तपासा. "म्हणून" हा शब्द लिहिला की तारखा लावा.

दुसरं, तुमच्या प्रश्नावलीतले शब्द आधी एखाद्या आजीला वाचून दाखवा. "मदत" की "काम", "लाभार्थी" की "मजूर", यावर पुढची दोनशे पानं ठरतात.

तिसरं, नियम वाचताना तो कशाच्या विरुद्ध लिहिला आहे ते शोधा. आणि जे बदललं नाही त्याकडे जास्त लक्ष द्या.

मागच्या महिन्यात पुन्हा आजींकडे गेलो होतो. मस्टरमध्ये त्यांचं नाव मिळालं नाही, हे सांगावं की नको या विचारात होतो. शेवटी सांगितलं. त्या हसल्या. मग उठून ओसरीच्या कडेला गेल्या आणि काठीने लांबवर दाखवलं. माळाच्या पलीकडे तलावाचा बांध दिसत होता, त्यावर बाभळी वाढलेल्या.

"तिथं हाय की माझं नाव," म्हणाल्या.

हे वाक्य प्रबंधात तळटीपेत जाईल की मुख्य मजकुरात, ते अजून ठरत नाहीये. मार्गदर्शक म्हणतात तळटीप. मी अजून भांडतोय.